सूपभर कोंड्याची लेक

"फांदीले हात लावू नोको, किसनराव. सांगून ठेवते."

किसनरावानं आकडी तशीच वर धरून ठेवली. त्याच्या शेळ्या कडुलिंबाच्या बुंध्याशी माना वर करून उभ्या होत्या. माळावरची बाकीची झाडं जनावरांसाठी केव्हाच ओरबाडून झाली होती. पाला उरला होता तो या एकाच लिंबाला, आणि तोही सोजराबाई खाली बसलेली असायची म्हणून.

"एक डहाळी घेतो, मावशी. उपाशी हाये जनावर."

"अन् हे काय जेवून आले?" सोजराबाईनं झोळ्यांकडे हात केला.

लिंबाच्या फांद्यांना फाटक्या लुगड्यांच्या झोळ्या टांगलेल्या होत्या. प्रत्येक झोळीत एकेक तान्हं. जरा मोठी होती ती खाली मातीत रांगत होती. किसनरावानं त्यांच्याकडे पाहिलं, आकडी खांद्यावर टाकली आणि शेळ्यांना हाकत तो निघून गेला. गरीब माणूस. रागावला नाही.

दुसरबीडच्या अलीकडं पाझर तलावाचं काम चालू होतं. बहात्तरचा पावसाळा कोरडा गेला, त्यानंतर आसपासच्या खेड्यांतली सगळी माणसं या कामावर आली होती. पुरुष खोदत, बाया घमेल्यांनी माती वाहत, तलावाच्या पाळीवर, म्हणजे बांधावर, टाकत. सोजराबाईही आधी मातीच वाहायची. एकदा उतारावरून पाय घसरला, घमेल्यासकट खाली आली, आणि तिचा खुबा कायमचा वाकडा झाला. मुकादम हिंमतरावानं तिला घरी धाडलं नाही. म्हणाला, "मावशी, त्या लिंबाखाली बस अन् लेकरं पाह्य. बाया दर घडी काम सोडून पळतात, त्यानं माही पाळ उठत नाही."

तेव्हापासून हे तिचं काम. सकाळी बाया लेकरं आणून द्यायच्या. ती झोळ्या बांधायची. ऊन फिरेल तशी सावली फिरायची, आणि सोजराबाई लंगडत लंगडत झोळ्या सोडून पुढच्या फांदीला नेऊन बांधायची. दिवस मावळेपर्यंत तिची आणि झोळ्यांची लिंबाभोवती अर्धी फेरी घालून झालेली असायची.

या झोळ्यांत एक झोळी तिच्या स्वतःच्या लेकीची होती. म्हणजे, तशी होतीही आणि नव्हतीही.

चांगुणा तिची शेजारीण. वयानं लहान, अंगानं काडी. तिची आधीची दोन्ही लेकरं दात यायच्या आत गेली होती. तिसरी मुलगी झाली गेल्या मार्गशीर्षात. तेव्हा सोजराबाईची सासू रुक्मिणीबाई, डोळ्यांनी गेलेली आणि कायम खाटेवरच असणारी, ती तिथूनच म्हणाली की पाचवी पुजायच्या आत पोर विकून टाका. चांगुणाच्या नावावर राहिली तर राहायची नाही. गावात तशी रीतच होती. ज्या बाईची लेकरं जगत नाहीत तिनं नवं लेकरू सुपात घालून उंबऱ्याबाहेर ठेवायचं, दुसरीनं कोंडा देऊन ते विकत घ्यायचं. मग न्यायला येणाऱ्या काळाला वाटतं, हे हिचं नव्हेच. पुढं दात आले की खऱ्या आईनं कोंडा परत द्यायचा आणि लेकरू परत घ्यायचं.

सोजराबाईनं रेशनवर मिळणाऱ्या लाल मिलो ज्वारीचं पीठ चाळून कोंडा काढला, तो सुपात घालून दिला आणि पोर उचलली. नावही मग तेच पडलं, कोंडाबाई. तो कोंडा चांगुणानं भाकरीच्या पिठात मळून खाल्ला. बाळंतपणात तिला दुसरं काही मिळालंही नव्हतं.

पोर राहायची चांगुणाच्याच घरी, प्यायची तिचंच दूध. पण चांगुणानं कधी "माही" म्हटलं नाही. कोणी विचारलं तर म्हणायची, सोजरामायची. दृष्ट काढायला मीठमोहऱ्यासुद्धा ती सोजराबाईच्या हातूनच ओवाळून घ्यायची. पाळीवरच्या बायांना त्याची मोठी गंमत. झुंबरबाईची जीभ तर आधीच तिखट. दुपारच्या सुट्टीत ती सगळ्यांदेखत म्हणायची, "पन्नाशीत बाळंत झाली ही सोजरा, अन् दूध दुसरीच पाजते. इतकी सुखाची माय म्या कुठं नाही पाह्यली वं."

बाया हसायच्या. सोजराबाईही हसायची. तिला मूल झालं नव्हतं. नवरा भगवंतराव असेतोवर सासूनं तिला त्यावरून सुखानं घास खाऊ दिला नाही, आणि नवरा गेल्यावर तीच सासू तिच्या पदरात पडली. वांझ हा शब्द तिनं इतक्या वर्षांत इतक्यांदा ऐकला होता की त्याचं आता काही वाटत नाही, असं ती म्हणायची. पण कोंडाबाईला झोळीत घालताना तिचा हात इतर लेकरांपेक्षा जरा जास्त वेळ झोळीत राहायचा. हे झुंबरबाईनंही पाहिलं होतं, आणि त्यावर ती कधी बोलली नव्हती.

त्या दिवशी दुपारी चांगुणा पाजायला आली ती एकटीच, बाकीच्यांच्या आधी. पोरीला पदराखाली घेऊन बसली. मग तिनं हळूहळू सांगितलं. गावातला दयाराम नांदुऱ्याहून आला होता. त्याच्याबरोबर तिच्या नवऱ्याचा, शालिग्रामचा निरोप होता. नांदुऱ्याला रेल्वेच्या वाघिणींनी धान्य उतरतंय, तो तिथं हमालीला लागलाय. गोदामात सांडलेलं धान्य पाखडायला, पोती शिवायला बायाही लागतात. मालकाशी बोलणं झालंय. राहायला गोदामामागं आडोसा आहे, स्टेशनच्या नळाला पाणी आहे, आणि पाखडणाऱ्या बायांना रोज पदरात थोडेफार दाणे पडतात. सोमवारच्या गाडीनं ये. नाही आलीस तर ती जागा दुसरीला जाईल.

"मंग जाय ना," सोजराबाई म्हणाली. "इतकं काय तोंड पाडून राह्यली?"

चांगुणानं पदर जरा बाजूला करून पोरीकडे पाहिलं. पोर दमून थांबली होती, पुन्हा ओढत होती, पुन्हा थांबत होती.

"इले कशी नेऊ? माही म्हनून नेली तं..." तिनं पुढचं बोलणं सोडून दिलं. "अन् दात यायच्या आधी इकत घेता येत नाही. बुढीनंच सांगतलं होतं."

"मंग?"

"तुह्यापाशी ठेवते. तुहीच हाये ती."

सोजराबाईनं त्याच क्षणी नाही म्हणायला हवं होतं. तान्ह्या पोरांत दिवस काढणारी बाई ती. अंगावरचं दूध तोडलं की काय होतं, ते तिच्याएवढं कोणी पाहिलं नव्हतं. पण "तुहीच हाये" हे शब्द ती ऐकत राहिली. तिला एकदम दिसलं, आपल्या अंगणात ही पोर उभी राहतेय, भिंतीला धरून चालतेय. ती म्हणाली, "बकरीचं दूध मानवते का पाह्यते. आतापासूनच पाहू. मानवलं तं तू बिनघोर जाय."

त्याच संध्याकाळी ती किसनरावाच्या दारात गेली. रोज लोटाभर दूध दे, आणि त्याच्या बदल्यात लिंबाची दक्षिणेकडची फांदी घेऊन जा, असं म्हणाली. किसनरावाला खरंच वाटेना. त्यानं दोनदा विचारलं. मग शेळी खुंट्याला बांधली आणि धार काढायला बसला.

चांगुणानं फडक्यानं छाती घट्ट बांधून घेतली आणि पोर सोजराबाईच्या घरी ठेवली. सोजराबाईनं दूध पाणी घालून उकळलं, निववलं, कापसाचा बोळा करून थेंब थेंब पोरीच्या तोंडात सोडला. पोरीनं आधी तोंड वाकडं केलं, मग चोखलं. खाटेवरून सासूनं विचारलं, घेते का? सोजराबाई म्हणाली, घेते ना.

सकाळी चांगुणा धावत आली तेव्हा कोंडाबाई जागी होती आणि हात हलवत होती. सोजराबाईनं ती अशी दाखवली, जशी पहिलटकरीण दाखवते. चांगुणाच्या चोळीवर दोन ओले डाग उमटलेले होते. तिनं पदर ओढून घेतला आणि बरं झालं म्हणाली. ते म्हणताना तिचं तोंड कसं झालं ते सोजराबाईनं पाहिलं नाही. तिला पाहायचं नव्हतं.

लिंबाखाली गेली तेव्हा किसनराव आपलं काम करून गेला होता. फांदी गेली होती, आणि तिच्या जागी आभाळ दिसत होतं. सोजराबाईनं झोळ्या दाटीवाटीनं बांधल्या. कोंडाबाईची झोळी मधोमध, गर्द सावलीत. दिवस वर आला. ती पोरीला बोळ्यानं दूध पाजत बसली होती. कुठल्यातरी झोळीतून रडण्याचा आवाज येत होता, तो तिच्या कानावर पडत होता. पण हातातला बोळा संपेपर्यंत थांबू, असं तिला वाटलं.

अन्नपूर्णा नावाची एक बाई पाळीवरून उतरून आली. तिचं पोर कडेच्या झोळीत होतं आणि झोळी पूर्ण उन्हात गेली होती. पोराचं तोंड लालबुंद झालं होतं. अन्नपूर्णानं झोळी सोडली, सावलीत जागा शोधली, कोंडाबाईच्या झोळीला खेटून बांधली, पदरानं पोराचं तोंड पुसलं आणि परत पाळीवर गेली. शिव्या दिल्या असत्या तर सोजराबाईला बरं वाटलं असतं.

दुपार होत आली तसे कोंडाबाईला जुलाब सुरू झाले. आधी थोडे, मग पाण्यासारखे. सोजराबाईनं फडकी बदलली, मागच्या बाजूला, दगडावर, पाळीवरून दिसणार नाहीत अशी वाळत घातली. दुपारच्या सुट्टीत चांगुणा लांबच उभी राहिली. जवळ आले तर पाजावंसं वाटेल, म्हणून तिनंच तसं ठरवलं होतं. तिथूनच तिनं विचारलं, "राह्यली का बरी?"

"राह्यली," सोजराबाई म्हणाली.

चांगुणा मान हलवून माघारी गेली.

तिसऱ्या प्रहरी सोजराबाई झोळीशी आली तेव्हा पोर रडत नव्हती. डोळे उघडे होते. रडणारं लेकरू सोजराबाईला कळायचं: हे भुकेचं, हे मुंगी चावली म्हणून, हे नुसतं आईची आठवण म्हणून. न रडणाऱ्या लेकराची तिला भीती वाटायची. तिनं पोरीच्या डोक्यावरून हात फिरवला. टाळू आत गेली होती. वाटीसारखा खळगा बोटाला लागला. डोळ्यांखालची कातडी ओढली गेली होती, आणि ओठ इतके कोरडे की बोळा चिकटून बसत होता.

तिनं पोरीला छातीशी घेतलं. त्या छातीत काही नव्हतं. कधीच नव्हतं. ती तशीच पाळीकडे निघाली.

लेकरं पाळीवर आणायची नाहीत, असा हिंमतरावाचा कडक हुकूम होता. वरून दगड सुटायचे. सोजराबाई वाकडा पाय ओढत चढ चढू लागली तेव्हा तो लांबूनच ओरडला. ती थांबली नाही. घमेली घेतलेल्या बायांची रांग थबकली. रांगेत चांगुणा होती. सोजराबाई तिच्यासमोर येऊन उभी राहिली तेव्हा तिला धाप लागली होती.

"पाज," ती म्हणाली.

चांगुणानं डोक्यावरचं घमेलं खाली टाकलं. पोरीकडे पाहिलं आणि तिला सगळं कळलं. "तू तं राह्यली म्हने..."

"खोटं बोलली मी. आधी पाज."

चांगुणा तिथंच मातीच्या ढिगावर बसली. छातीचं फडकं तिच्या हातून सुटेना, झुंबरबाईनं ते दातानं तोडलं. दूध साचून छाती दगडासारखी झाली होती. पोरीला ओढता येईना. चांगुणानं बोटांनी दाबून दूध तिच्या ओठांवर सोडलं, एकदा, पुन्हा, पुन्हा. रांगेतल्या बाया घमेली डोक्यावर घेऊन तशाच उभ्या होत्या. हिंमतराव तरातरा वर आला, काही बोलणार होता, मग त्यानं पाठ फिरवली आणि खोदणाऱ्या पुरुषांना उगाच काहीतरी सांगत सुटला.

बऱ्याच वेळानं पोरीनं घशातून आवाज काढला. मग तिनं चोखायला सुरुवात केली.

सोजराबाई उतारावरून खाली आली. तिनं दगडावर वाळत घातलेली फडकी गोळा केली. लोट्यातलं उरलेलं दूध तिनं रांगणाऱ्या मोठ्या पोरांना पाजून टाकलं.

रविवारी काम बंद. दोन दिवसांत कोंडाबाई सावरली होती; म्हातारीनं सांगितली तशी भाताची पातळ पेज, मीठ घालून, तिला चमच्यानं पाजत होते, आणि अंगावरचं दूध. चांगुणा सकाळीच सोजराबाईच्या घरी आली. पोर मांडीवर होती. ती म्हणाली, मी जात नाही नांदुऱ्याला. त्यायले दयारामभाऊच्या हाती निरोप धाडते. इथंच राहीन, जसं होईल तसं होईल.

सोजराबाई तिच्याकडे पाहत राहिली. गळ्याखालची हाडं वर आलेली. पोर पीत होती, थांबत होती, रडत होती. फडकं बांधल्यानं साचलेलं दूध त्या दोन दिवसांतच सरलं होतं. आता पुन्हा तेच: दिवसभर माती, संध्याकाळी मिलोची भाकर, आणि पोर कोरड्या अंगाशी झटतेय. वैशाख अजून सगळा पुढं होता. इथं राहिली तर हे दूध ज्येष्ठापर्यंत पुरायचं नाही. हे सांगायला कोणी डॉक्टर लागत नव्हता.

"तू जाय," सोजराबाई म्हणाली. "अन् इले घेऊन जाय. तिथं तुह्या पोटात दोन दाने जातीन तं दूध येईन. इथं तू बी मरशीन अन् हे बी."

चांगुणाचा चेहरा पांढरा पडला. ती पोर खाली ठेवून उठली आणि घरी गेली. परत आली तेव्हा तिच्या हातात सूप होतं, सुपात कोंडा. घरातलं सगळं पीठ तिनं चाळलं असणार.

"घे," ती म्हणाली. "दात नाही आले अजून. पन घे. काय व्हाचं ते होऊ दे."

सोजराबाईनं सुपाकडे पाहिलं. हात पुढं केला की झालं. पोर चांगुणाची होईल, आणि उद्या गाडीत बसून निघून जाईल. पण हिला ती ओळखत होती. नांदुऱ्याच्या त्या आडोशाला ही रात्र रात्र पोरीच्या नाकाशी बोट धरून बसेल, श्वास चालू आहे का पाहत. घास घशाखाली उतरायचा नाही. भीतीनं बाईचं दूध आटतं, हे तिनं कितीदा पाहिलं होतं.

"हा कोंडा पिठात घाल अन् गाडीतल्यासाठी भाकरी कर," ती म्हणाली. "मी लेक इकत नाही."

"मंग कशी नेऊ?"

"दूध पाजाले ने. माह्या अंगावर दूध नाही, म्हनून मी माही लेक तुह्यापाशी देऊन राह्यली. तू तिची दाई. दाईले कशाचं भेव?"

चांगुणाला ते पटावंसं वाटत होतं, पण धीर होत नव्हता. तिनं खाटेकडे तोंड केलं. ज्या म्हातारीनं विकायला सांगितलं होतं, तिच्याच तोंडून ऐकायला हवं होतं. "मोठेमाय, असं चालते का वं?"

म्हातारीनं आंधळे डोळे आढ्याकडे लावले. या बाईनं आजवर सोजराबाईच्या बाजूनं एक शब्द काढला नव्हता.

"दुधाले देल्लेली लेक दुधवालीची होत नाही," शेवटी म्हातारी म्हणाली. "ज्या मायनं देल्ली तिचीच राह्यते. गावात का राह्यली अन् मुंबईले का गेली." मग खाकरून ती म्हणाली, "माह्या सुनेची लेक हाये ती. माही सून तिले कुठंबी धाडीन. येनाऱ्यानं इथं येऊन मले इचारावं."

चांगुणानं सूप बाजूला ठेवलं आणि पोर उचलली. सोजराबाई चुलीकडे तोंड करून उभी होती. चूल पेटलेली नव्हती.

मग चांगुणा म्हणाली, तूच चाल ना माह्यासंग, सोजरामाय. सोजराबाई म्हणाली, अन् हिले कोनाच्या भरोशावर टाकू? म्हातारीनं ऐकलं, पण ऐकलंसं दाखवलं नाही.

त्या दुपारी दोघी भाकरी थापत बसल्या तेव्हा सोजराबाईनं तिला पढवून घेतलं. गाडीत बायका विचारतील, कोणाची, तेव्हा अडखळायचं नाही.

"कोनाची हाये पोट्टी?"

"सोजराबाईची."

"अशी खाली पाहून सांगशीन तं कोनी खरं मानन का? वर पाह्य. कोनाची?"

"सोजराबाईची," चांगुणा वर पाहून म्हणाली, आणि तिला रडू फुटलं.

"रड आता. गाडीत रडजो नोको," सोजराबाई म्हणाली. "अन् दात आल्यावर कोंडा घेऊन इतक्या लांब येत बसू नोको. पाऊसपानी झालं, तुमचं इकडं येनं झालं, तं येजा. नाही तं राहू द्या."

हे ती सहज बोलल्यासारखं बोलली. नांदुऱ्याला गेलेली माणसं परत येतातच असं नाही, हे दोघींनाही ठाऊक होतं. आणि कोंडा परत आला नाही तर पोर कायमची कोणाच्या नावावर राहील, हे दोघींपैकी कोणीच बोललं नाही.

सोमवारी दुसरबीडच्या थांब्यावर चिखलीची गाडी आली ती गच्च भरून. चिखलीला उतरून पुढं नांदुऱ्याची गाडी धरायची होती. टपावर गाठोडी, पिंप, कोणाची खाटसुद्धा. दयाराम चांगुणाला घेऊन पुढच्या दारानं चढला. सोजराबाई खिडकीखाली येऊन उभी राहिली. तिनं सकाळीच पोरीला न्हाऊ घातलं होतं, गालाला काजळाचं बोट लावलं होतं. आता तिनं हात लावला नाही. फक्त सांगत राहिली. पाणी उकळून पी. बकरीचं दूध देऊ नको. तू आधी जेव, मग तिला पाज. उन्हात बाहेर काढू नको.

खिडकीशी बसलेली एक ठसठशीत कुंकवाची बाई हे सगळं ऐकत होती. तिनं चांगुणाच्या मांडीवरच्या पोरीकडे वाकून पाहिलं.

"पह्यलीच का वं तुही?"

चांगुणानं मान वर केली. "माही नाही, बाई. मी दूध पाजाले नेऊन राह्यली. तिची माय ते खाली उभी हाये."

त्या बाईनं खिडकीतून खाली पाहिलं. पांढरे केस, वाकडा खुबा, ठिगळाचं लुगडं. तिची नजर सोजराबाईवरून चांगुणाच्या ओल्या चोळीवर गेली, आणि परत खाली आली. बाईला काय कळलं आणि काय नाही, देव जाणे. तिनं आपलं गाठोडं मांडीवर घेतलं आणि चांगुणाला टेकायला जागा केली.

"लेकीची काळजी नोको करू, माय," ती सोजराबाईला म्हणाली. "मी खामगावपर्यंत संग हावो."

"बरं," सोजराबाई म्हणाली.

गाडी सुटली. धुरळा खाली बसेपर्यंत ती उभी राहिली. मग पदर खोचून तिनं कामाची वाट धरली. लेकरं आज झुंबरबाईवर सोपवून आली होती, आणि ती बाई लेकरांना घटकाभर शांत ठेवेल अशी खात्री नव्हती. ऊन चढलं होतं. समोरून कुठल्याशा परक्या गावच्या बाया येत होत्या, डोक्यावर रिकामे हंडे. कुठं पाणी मिळतंय का ते शोधत निघालेल्या. त्यातल्या एकीनं जाता जाता विचारलं, "कुठून येऊन राह्यली वं बाई, इतक्या उन्हाची?"

"थांब्यावरून," सोजराबाई म्हणाली. "लेकीले लावून द्याले गेल्ती."

"हो का," ती बाई म्हणाली, आणि सगळ्याजणी बाजूला सरल्या, तिला वाट दिली. पुढं कोणी काही विचारलं नाही. लेकीची पाठवणी करून येणाऱ्या बाईला वाटेत थांबवायचं नसतं.